लॅपटॉप चालतो, पण चार्ज होत नाही: बोर्ड खरोखर गेला आहे का?

वाचकाचे पत्र

स. न. वि. वि.

मी हिंगोली जिल्ह्यात, सेनगाव तालुक्यातील एका गावात आपले सरकार सेवा केंद्र चालवते. चार वर्षांपूर्वी घेतलेला लॅपटॉप हेच माझे सगळे दुकान आहे. मृगाच्या पहिल्या वादळात एका संध्याकाळी लाईट सारखी जात-येत होती. मध्येच बल्ब पांढरेफटक पेटले, पंखा गरगरा फिरू लागला आणि मग सगळेच बंद झाले. दुसऱ्या दिवशी लॅपटॉपच्या चार्जरचा दिवा लागेना, म्हणून तालुक्याच्या बाजारातून सातशे रुपयांचा चार्जर आणला. त्यावर लॅपटॉप सुरू होतो. पण बॅटरी शून्य टक्क्यावर आहे आणि कोपऱ्यात ‘प्लग्ड इन, नॉट चार्जिंग’ असे दिसते. रात्री लावून ठेवला, पहाटे लावून पाहिला, आकडा हलत नाही. लाईट गेली की लॅपटॉप तत्क्षणी बंद पडतो आणि अर्धा भरलेला फॉर्म जातो. शिवाय तो पूर्वीपेक्षा फार संथ झाला आहे, सातबाऱ्याचे पान उघडायलाही वेळ लावतो. सुरू करताना काळ्या पडद्यावर इंग्रजीत काहीतरी येते. एक बटण दाबले की ते निघून जाते. दुरुस्तीवाल्यांनी ‘बोर्ड गेला आहे, नऊ हजार लागतील, लॅपटॉप ठेवून जा’ असे सांगितले. भाऊ म्हणतो बॅटरी बदल, नाहीतर मोबाईलचा टाईप-सी चार्जर लावून पाहा. यजमान म्हणतात नवीनच घेऊ. पीक विम्याचे दिवस तोंडावर आले आहेत. काय करावे?

उत्तर

ताई, लॅपटॉप दुरुस्तीला ठेवू नका, बॅटरीही मागवू नका आणि नवीन लॅपटॉपचा विचार आठवडाभर बाजूला ठेवा. तुमच्या पत्रात शेवटी शेवटी, जणू दुय्यम म्हणून लिहिलेल्या दोन गोष्टी आहेत: लॅपटॉप संथ झाला आहे आणि सुरू करताना काळ्या पडद्यावर काहीतरी येते. माझ्या मते सगळ्या पत्रातील सर्वांत मोलाची माहिती तीच आहे आणि तिचा रोख बोर्डाकडे, म्हणजे लॅपटॉपच्या आतल्या मुख्य सर्किटकडे, नसून तुम्ही नव्याने आणलेल्या चार्जरकडे आहे. यंत्र समोर नसताना पैजेवर सांगता येत नाही, हे खरे. परंतु पुढील तपासण्यांपैकी बहुतेक फुकट आहेत आणि त्या केल्याखेरीज नऊ हजारांचे काम कोणाच्याही हाती देऊ नये.

आधी त्या संध्याकाळी काय घडले ते पाहू, कारण बिघाडाची सुरुवात तिथे आहे. गावात खांबांवरून तीन फेज आणि एक न्यूट्रल अशा तारा येतात. फेज आणि न्यूट्रल यांच्यात २३० व्होल्टचा दाब असतो, तर कोणत्याही दोन फेजमध्ये तो सुमारे ४०० व्होल्ट असतो. वादळात डीपीजवळ किंवा एखाद्या खांबावर न्यूट्रल तुटली किंवा सैल झाली, की वेगवेगळ्या फेजवरची घरे दोन फेजच्या मध्ये एकमेकांशी जोडल्यासारखी होतात. ज्या फेजवर भार कमी असतो तिथला दाब २३० च्या बराच वर, ४०० च्या दिशेने चढतो आणि ज्या फेजवर भार जास्त असतो तिथला खाली जातो. बल्ब पांढरे पडणे आणि पंखा वेगाने फिरणे ही दाब चढल्याची खूण आहे. त्याच वेळी गल्लीतल्या काही घरांत दिवे मिणमिणत होते का, हे शेजारी विचारून पाहा. तसे असेल तर न्यूट्रलबद्दलची शंका जवळजवळ पक्की होते.

लॅपटॉपच्या चार्जरवर आत येणाऱ्या विजेची मर्यादा बहुधा १०० ते २४० व्होल्ट अशी छापलेली असते. म्हणजे आपल्याकडे नेहमी होतो तो कमी दाबाचा त्रास त्याला फारसा जाणवत नाही. उन्हाळ्यात मोटारी सुरू झाल्यावर बल्ब पिवळे पडतात तेव्हाही चार्जर आपले काम करत राहतो. वरच्या बाजूला मात्र त्याला फारशी जागा नसते. आत आलेली २३० व्होल्टची वीज सरळ केली, की तिचा दाब सुमारे ३२५ व्होल्ट होतो आणि तो झेलणारा कपॅसिटर पुष्कळदा ४०० व्होल्टपर्यंतचाच असतो. बाहेरचा दाब ४०० कडे सरकला, की आत साडेपाचशेच्या वर आकडा जातो आणि फ्यूज, व्हॅरिस्टर, कपॅसिटर यांपैकी काहीतरी जळते. तुमचा जुना चार्जर असाच गेला असावा. चार्जरमधील ट्रान्सफॉर्मर भिंतीकडची बाजू आणि लॅपटॉपकडची बाजू वेगळी ठेवतो, त्यामुळे हा तडाखा बहुतेक वेळा चार्जरमध्येच संपतो आणि पुढे पोचत नाही. तुमचा लॅपटॉप नव्या चार्जरवर आजही सुरू होतो, याचा अर्थ वीज आत घेणारा जॅक, तिथून बोर्डाकडे जाणारा मार्ग आणि बोर्डाचा मोठा भाग शाबूत आहे. बोर्ड सरसकट ‘गेला’ असता, तर तुम्हाला सातबाऱ्याचे पान संथपणेसुद्धा दिसले नसते.

मग बॅटरी चार्ज का होत नाही? लॅपटॉप चालणे आणि त्याची बॅटरी चार्ज होणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, आणि दुसरीसाठी काही कंपन्यांच्या लॅपटॉपना एक जादा खात्री लागते. तुम्ही कंपनीचे नाव कळवलेले नाही. तथापि डेल आणि एचपी यांच्या गोल पिनेच्या अनेक लॅपटॉपमध्ये चार्जरच्या गोल तोंडाच्या आत मधोमध एक बारीक पिन असते. तिच्यातून वीजपुरवठा होत नाही, ओळख पटते: हा चार्जर कोणत्या प्रकारचा आणि किती वॅटचा, हे लॅपटॉपला तिच्यामार्फत कळते. ओळख पटली नाही, तर लॅपटॉप चालू राहण्यापुरती वीज घेतो, पण बॅटरीला देत नाही. रेशन दुकानात माणूस समोर उभा असतो, धान्यही पोत्यात असते. पण मशीनवर अंगठा जुळला नाही तर वाटप होत नाही, तसा हा प्रकार आहे. अनोळखी चार्जरवर जास्त भार पडू नये म्हणून लॅपटॉप स्वतःचा वेगही कमी करतो. तुमचा लॅपटॉप चार्जर बदलल्यापासून संथ झाला आहे आणि त्याच दिवसापासून चार्ज होत नाही, हे दोन्ही एकाच कारणाने घडते आहे असे मला वाटते. सातशे रुपयांच्या चार्जरमध्ये ती पिन दिसायला असते, पण तिच्यामागची ओळखीची चिप पुष्कळदा नसते किंवा चुकीची असते.

आता काळ्या पडद्यावरच्या मजकुराकडे या. उद्या लॅपटॉप सुरू कराल तेव्हा घाईने बटण दाबू नका. मोबाईलने त्याचा फोटो घ्या आणि सावकाश वाचा. ‘चार्जर किती वॅटचा व कोणत्या प्रकारचा हे ठरवता आले नाही, बॅटरी कदाचित चार्ज होणार नाही’ अशा अर्थाचे इंग्रजी वाक्य असेल, तर लॅपटॉपने रोज सकाळी तुम्हाला आपला आजार स्वतःहून सांगितला आहे, असे समजा. मजकूर तितका स्पष्ट नसेल तर बायोसमध्ये जा: लॅपटॉप बंद करून पुन्हा सुरू करतानाच डेलवर एफ-२ आणि एचपीवर एफ-१० हे बटण थांबून थांबून दाबत राहिले, की विंडोज उघडण्याआधीच एक साधा पडदा येतो. तिथे बॅटरीच्या माहितीच्या पानावर चार्जरचा प्रकार लिहिलेला असेल तर तो पाहा. ‘६५ वॅट’ किंवा ‘४५ वॅट’ असे असेल तर ओळख पटलेली आहे. ‘अननोन’ असे असेल तर ती पटलेली नाही. तिथले काहीही न बदलता बाहेर पडा. ही तपासणी मी एवढ्या आग्रहाने सांगतो, कारण विंडोजमधल्या बिघाडाचा इथे काही संबंध नसतो. विंडोज सुरू व्हायच्या आधीच चार्जर ‘अननोन’ दिसत असेल, तर ड्रायव्हर, व्हायरस, अपडेट हे सगळे संशयित एका झटक्यात सुटतात.

त्यानंतर दिवसाउजेडी चार्जर भिंतीतून काढून त्याचे गोल तोंड डोळ्यांजवळ धरा. मधली पिन सरळ उभी आहे, कलली आहे की आत मोडून पडली आहे? तोंडाजवळ जिथे वायर बाहेर येते, तिथे ती पिळलेली किंवा आतून मऊ झालेली लागते का? या वायरमध्ये वीज नेणाऱ्या दोन जाड तारांबरोबर ओळखीची एक बारीक तार असते आणि सारखे वाकवून ती आधी तुटते. म्हणून चार्जर कंपनीचा असला तरीही ‘चालतो, पण चार्ज होत नाही’ हे दुखणे येऊ शकते. लॅपटॉपच्या बाजूच्या जॅकमध्ये टॉर्च मारून पाहा. धूळ, मुंग्या किंवा हिरवट गंज दिसला तर लॅपटॉप बंद करून कोरड्या मऊ ब्रशने साफ करा. सुई, पिन, स्क्रूड्रायव्हर आत घालू नये, हे वेगळे सांगायला नको. जॅकमध्ये घातलेले तोंड वर-खाली हलते आणि हलवताना चार्जिंगचा दिवा लागतो-विझतो, असे असेल तर जॅक सैल झाला आहे. अनेक लॅपटॉपमध्ये हा जॅक छोट्या वायरसकट स्वतंत्र मिळतो आणि त्याच्यासाठी बोर्ड बदलावा लागत नाही.

खरा निकाल मात्र उसन्या चार्जरने लागेल. त्याच कंपनीचा, तशाच गोल तोंडाचा आणि तितक्याच वॅटचा मूळ चार्जर तासभरासाठी कोणाकडून तरी मिळवा. ग्रामपंचायतीत, शाळेत, बँक मित्राकडे, पतसंस्थेत किंवा कॉलेजात शिकणाऱ्या एखाद्या मुलाकडे तो सापडेल. मागणीपूर्वी लॅपटॉपच्या पोटावरचा आणि चार्जरवरचा मजकूर जुळवून पाहा: बाहेर जाणारा दाब, उदाहरणार्थ १९.५ व्होल्ट, लॅपटॉपला हवा तेवढाच असावा. अँपियरचा आकडा तेवढाच किंवा जास्त चालतो, कमी चालत नाही. व्होल्ट आणि अँपियर यांचा गुणाकार म्हणजे वॅट, १९.५ व्होल्ट आणि ३.३४ अँपियर म्हणजे ६५ वॅट, आणि त्याच व्होल्टवर २.३१ अँपियर म्हणजे ४५ वॅट. ६५ वॅटच्या लॅपटॉपला ४५ वॅटचा चार्जर लावला, तर मूळ चार्जरवरही तो हळू चार्ज होईल किंवा चार्ज व्हायला नकार देईल आणि तुमची तपासणी फसेल. उसना चार्जर लावण्याआधी तुमचा चार्जर काढून, लॅपटॉप पूर्ण बंद करून, चालू करण्याचे बटण अर्धा मिनिट दाबून धरा, म्हणजे आतला उरलेला विद्युतभार निघून जाईल. मग उसना चार्जर लावा, लॅपटॉप बंद ठेवूनच अर्धा तास थांबा आणि नंतर सुरू करा. आकडा शून्यावरून हलला, की तुमचे उत्तर मिळाले: लागेल तो चांगल्या चार्जरचा खर्च, बोर्डाचा नव्हे.

भावाने सुचवलेला टाईप-सीचा मार्ग टाकाऊ नाही, पण त्याला दोन अटी आहेत. पहिली, लॅपटॉपचे टाईप-सी तोंड वीज आत घेणारे असले पाहिजे. पुष्कळ लॅपटॉपमध्ये ते केवळ पेनड्राइव्ह आणि मोबाईल जोडण्यासाठी असते. तोंडाशेजारी बॅटरीचे किंवा प्लगचे छोटे चिन्ह आहे का ते पाहा किंवा लॅपटॉपच्या मॉडेलची माहिती वाचा. दुसरी, चार्जर ‘पॉवर डिलिव्हरी’ या पद्धतीचा आणि २० व्होल्ट देणारा, ४५ किंवा ६५ वॅटचा असावा. मोबाईलसोबत येणारे पुष्कळ चार्जर इतके देत नाहीत. काही मोठमोठे वॅट लिहिलेले असले, तरी ते आकडे त्या कंपनीच्या स्वतःच्या पद्धतीपुरतेच खरे असतात. लावून पाहण्यात धोका नाही, कारण टाईप-सीवर सुरुवात ५ व्होल्टने होते आणि दोन्ही बाजूंची बोलणी झाल्याखेरीज दाब वाढत नाही. आणि समजा लॅपटॉप या तोंडातून चार्ज होऊ लागला, तर तुम्ही नकळत मोठी तपासणी केली असेल: बॅटरी आणि बॅटरीला वीज देणारे सर्किट दोन्ही चांगले आहेत आणि दोष गोल पिनेच्या वाटेवर आहे, हे त्यातून सिद्ध होते.

गावातल्या मोटार वाइंडिंगवाल्याकडे किंवा टीव्ही दुरुस्त करणाऱ्याकडे मल्टिमीटर असेलच; चार्जरच्या गोल तोंडाची आतली बाजू आणि बाहेरची बाजू यांच्यात १९ ते २० व्होल्ट येतात का, हे तो मिनिटभरात सांगेल. मात्र मधल्या बारीक पिनेला तार लागू देऊ नका, असे त्याला बजावा. मीटरवर आकडा बरोबर आला म्हणजे चार्जर निर्दोष ठरत नाही, कारण ओळखीचा दोष मीटरवर दिसत नाही. टाईप-सी चार्जर मीटरने तपासण्याच्या भानगडीत पडू नये. लॅपटॉपशी बोलणी झाल्याशिवाय तो पूर्ण दाब देतच नाही.

इतर वाचकांसाठी दोन गोष्टी सांगून पुढे जातो. बॅटरी ६० किंवा ८० टक्क्यांवरच थांबत असेल, तर तो बिघाड नसून बॅटरी टिकावी म्हणून कंपनीच्या ॲपमध्ये किंवा बायोसमध्ये लावलेली मर्यादा असते. ती काढली की चार्जिंग पुढे सरकते. आणि लिथियम-आयन बॅटरी साधारणतः ४५ अंश सेल्सिअसच्या वर चार्ज करू नये, असा संकेत असल्याने लॅपटॉप तापला की स्वतःच चार्जिंग थांबवतो. परभणी-नांदेडकडे मे महिन्यात पत्र्याच्या खोलीत दुपारी काम करणाऱ्यांना हा अनुभव येतो आणि ते उगाच दुकान गाठतात. तुम्ही रात्री आणि पहाटेही लावून पाहिले, त्यामुळे तुमच्या बाबतीत उष्णतेचा प्रश्न नाही.

मूळ चार्जर लावून, बायोसमध्ये त्याचे वॅट नीट दिसूनही बॅटरी शून्यावरच राहिली, तर मग भावाचे म्हणणे ऐकण्याची वेळ येते. विंडोजमध्ये कमांड प्रॉम्प्ट उघडून ‘पॉवरसीएफजी’, मग एक जागा मोकळी, मग तिरकी रेघ आणि तिला लागून ‘बॅटरीरिपोर्ट’ असे इंग्रजी अक्षरांत टाइप करून एंटर दाबले, की एक अहवाल तयार होतो आणि तो कोठे ठेवला आहे तेही तिथेच लिहून येते. त्यात बॅटरीची मूळ क्षमता आणि आजची पूर्ण क्षमता असे दोन आकडे असतात. दुसरा पहिल्याच्या निम्म्याच्याही खाली गेला असेल, तर चार वर्षांच्या रोजच्या वापरानंतर बॅटरी बदलणे गैर नाही. अहवालात बॅटरीच दिसत नसेल, तर तिची आतली जोडणी निघाली असेल किंवा बॅटरीच्या पोटातल्या संरक्षक सर्किटने तिला कायमचे बंद केले असेल. लिथियमच्या बॅटऱ्या अगदी रित्या अवस्थेत फार काळ पडून राहिल्या की असे होऊ शकते. म्हणूनच ही तपासणी पीक विमा आटोपल्यावर करू म्हणून टाळू नका.

एक गोष्ट आजच पाहा. लॅपटॉप सपाट टेबलावर ठेवल्यावर डगमगतो का, टचपॅड वर उचललेला आहे का, झाकण पूर्ण मिटत नाही का? यातले काही असेल तर बॅटरी फुगली असण्याची शक्यता आहे. तो लॅपटॉप चार्जिंगला लावू नये, दाबून बसवू नये आणि बॅटरी जाणकाराकडूनच काढून घ्यावी. अशी बॅटरी उकिरड्यावर टाकू नये की जाळू नये. बॅटरी कचऱ्याबाबत देशात २०२२ पासून नियम आहेत आणि वापरलेल्या बॅटऱ्या परत गोळा करण्याची जबाबदारी उत्पादकांवर टाकलेली आहे. नवी घेताना जुनी दुकानदाराकडे देता येते का, ते विचारा.

एवढे सगळे होऊनही चार्जिंग सुरू झाले नाही, तरच बोर्ड. तेव्हासुद्धा ‘बोर्ड गेला’ हे निदान नव्हे. बोर्डावर बॅटरीला वीज देणारी एक स्वतंत्र आयसी, म्हणजे चिप, आणि तिच्या भोवतीचे काही भाग असतात. बोर्डाचे काम करणारा कारागीर तेवढेच बदलू शकतो. नऊ हजार संपूर्ण बोर्डाचे आहेत की दुरुस्तीचे, बोर्ड नवा आहे की जुन्या लॅपटॉपमधून काढलेला, किती दिवसांची हमी आहे आणि काढलेला भाग परत मिळणार का, हे चार प्रश्न विचारून उत्तरे पावतीवर लिहून घ्या. तुमच्या दुरुस्तीवाल्यांनी फसवले, असे मी म्हणत नाही. हाताशी दुसरा मूळ चार्जर नसेल तर लक्षणे पाहून घाईने बोर्डाचे नाव घेतले जाते. पण त्यांनी तुमचा चार्जर हातात घेऊन पाहिला का, हे तुमच्या पत्रात कोठेच आलेले नाही.

आणि लॅपटॉप कोणाकडेही ठेवण्यापूर्वी त्यात काय आहे, ते आठवा. गावातील माणसांचे आधार, पासबुक, सातबारे, फोटो तुमच्या डाउनलोडच्या फोल्डरमध्ये पडलेले असणार. ते बाहेरच्या ड्राइव्हवर घेऊन लॅपटॉपमधून काढा, ब्राउझरमध्ये जतन केलेले पासवर्ड पुसा, केंद्राच्या खात्यातून बाहेर पडा. स्टोरेज वेगळे निघणारे असेल तर ते काढून घेऊनच लॅपटॉप द्यावा. चार्जिंगच्या दुरुस्तीसाठी त्याची गरज नसते. लोकांनी कागद तुमच्या भरवशावर दिलेले आहेत, आणि चार्जिंगच्या गडबडीत तेच विसरले जाते.

नवा चार्जर घेताना मॉडेल क्रमांक सांगून कंपनीच्या अधिकृत दुकानातून घ्या, किंवा निदान त्यावर भारतीय मानक ब्यूरोचे चिन्ह, आयएस १३२५२ हा मानक क्रमांक आणि ‘आर’ या अक्षराने सुरू होणारा आठ आकडी नोंदणी क्रमांक आहे का, ते पाहा. हा क्रमांक ब्यूरोच्या ‘बीआयएस केअर’ या ॲपमध्ये टाकला, की तो कोणाच्या नावावर आहे ते दिसते. छापील क्रमांक कोणीही छापू शकतो, म्हणून टाकून पाहणे महत्त्वाचे. दुकानातच लॅपटॉप लावून बॅटरीचा आकडा एकने तरी वाढलेला पाहा आणि मगच पैसे द्या. पक्के बिल घ्या. सातशे रुपयांच्या चार्जरचे बिल असेल, तर ‘या मॉडेलला चालेल’ असे सांगून विकलेला चार्जर चालला नाही, या मुद्द्यावर बदलून मागण्याचा तुम्हाला हक्क आहे. दुकानदार ऐकत नसेल तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन १९१५ वर तक्रार नोंदवता येते.

नवा चार्जर भिंतीत लावण्याआधी भिंतीमागचे दुखणे काढा, नाहीतर पुढच्या वादळात तोही जाईल. न्यूट्रलची तक्रार महावितरणच्या १९१२ या क्रमांकावर नोंदवून तक्रार क्रमांक घ्या आणि लाइनमनला ती संध्याकाळ जशीच्या तशी सांगा. ‘लाईट जाते-येते’ या मोघम तक्रारीपेक्षा ‘बल्ब पांढरे पडले’ हे वाक्य त्याला नेमके समजते. साधा स्पाइक गार्ड क्षणभराच्या झटक्यापुरता असतो, मिनिटभर चढून राहिलेल्या दाबापुढे तो टिकत नाही. दाब मर्यादेबाहेर गेला की वीज तोडणारा आणि पूर्ववत झाल्यावर थोडा वेळ थांबून जोडणारा ओव्हर-अंडर व्होल्टेज प्रोटेक्टर इलेक्ट्रिकच्या दुकानात मिळतो. तो केंद्राच्या भिंतीवरील विजेच्या बोर्डावर वायरमनकडून बसवून घ्या. अर्थिंगही तपासून घ्या. आपल्याकडची काळी जमीन उन्हाळ्यात भेगाळून कोरडी पडते आणि अर्थिंगच्या खड्ड्यात पाणी घातले नाही तर ती नावापुरती उरते. लॅपटॉपच्या धातूच्या भागाला हात लावल्यावर बारीक झिणझिण्या येत असतील, तर ही शंका आधी घ्यावी. ढग गडगडू लागले, की प्लग काढून ठेवण्याला मात्र कोणतेही यंत्र पर्याय नाही.

चार्जरचा निकाल लागेपर्यंत फॉर्म वाचवायचे असतील, तर संगणकासाठी मिळणारा छोटा यूपीएस उसना घ्या आणि लॅपटॉपचा चार्जर त्यावर लावा. बॅटरी शून्यावर असली तरी लाईट गेल्यावर चालू फॉर्म पूर्ण करण्याइतका वेळ त्यातून मिळतो. घरी इन्व्हर्टर असेल तर केंद्राची एक जोडणी त्यावर घेतली तरी काम भागते.

राहिला यजमानांचा मुद्दा. चार वर्षांचा लॅपटॉप चार्जरने बरा होत असेल, तर नवा घेण्याचे कारण नाही. बॅटरीपर्यंत खर्च गेला तरी मी जुनाच ठेवीन. संपूर्ण बोर्डावर गोष्ट आली आणि खर्च नऊ हजारच निघाला, तर मात्र ते पैसे नव्या लॅपटॉपच्या बाजूला घालणे शहाणपणाचे ठरेल. तो निवडताना प्रोसेसर आणि स्टोरेज यांच्याआधी दुकानदाराला एवढेच विचारा की टाईप-सी तोंडातून तो चार्ज होतो का. होत असेल, तर वादळात पुन्हा चार्जर गेला तरी ६५ वॅटचा चांगला पॉवर डिलिव्हरी चार्जर हिंगोलीत किंवा नांदेडला त्याच दिवशी मिळण्याची शक्यता पुष्कळ वाढते आणि एखाद्या विशिष्ट कंपनीच्या पिनेसाठी तुम्हाला अडून बसावे लागत नाही.